सहा लाखांतले लग्न आणि दोन रकान्यांचा कागद

लग्न ठरले की आपल्याकडे याद्यांची बैठक होते. मानपान कोणाचा, सभागृहाचे भाडे कोणी भरायचे, कोणाला काय द्यायचे हे कागदावर उतरते, वडील मंडळी खाली सह्या करतात आणि मग पोहे येतात. माझ्या भाचीच्या लग्नाच्या बैठकीत मी आणखी एक कागद पुढे केला. त्यावर देण्याघेण्याचा शब्दही नव्हता, फक्त दोन रकाने होते: एक आमच्याकडच्या माणसांचा आणि एक त्यांच्याकडच्या. सोने सोडून बाकी सगळ्या खर्चासाठी दोन्ही घरांनी मिळून सहा लाख रुपये बाजूला काढले होते, कर्ज काढायचे नाही असे मुलामुलींनी निक्षून सांगितले होते, आणि उभी नोकरी बँकेत आकडेमोड करण्यात गेल्यामुळे मला एवढे स्पष्ट दिसत होते की त्या सहा लाखांचे पुढे काय होणार हे या दोन रकान्यांतल्या नावांवर ठरणार आहे.

केटरर भाव सांगतो तो ताटावर. ताट साडेपाचशे रुपयांचे धरले तर शंभर माणसे वाढल्यावर पंचावन्न हजार वाढले, हे कोणीही तोंडी सांगेल. पण वाढलेला माणूस जेवणापुरताच वाढत नाही. त्याच्यासाठी खुर्ची लागते, पत्रिका लागते, पाण्याची बाटली लागते, पंचवीस-तीस माणसांमागे एक वाढपी लागतो, आणि मुख्य म्हणजे सभागृह मोठे लागते. सभागृहांचे भाडे माणसागणिक हळूहळू चढत नाही. दोनशे माणसांचे सभागृह सोडून त्याच्या वरचे घ्यायला गेले की भाडे एकदम उडी मारते आणि त्या वाढीव भाड्यावर पुन्हा अठरा टक्के जीएसटी बसतो. म्हणून सभागृह आधी पाहून मग ते भरण्याइतकी माणसे बोलावण्याची जी पद्धत पडली आहे, ती मला उलटी वाटते. आम्ही दोन्ही रकाने मिळून दोनशेवर रेघ ओढली आणि मगच सभागृहे पाहायला बाहेर पडलो.

ही रेघ टिकवणे हेच सगळ्यात अवघड काम होते. नियम साधा ठेवला: ज्या माणसाला नवरा किंवा नवरी यांच्यापैकी एकानेही नावानिशी ओळखले नाही, त्याचे नाव यादीत राहणार नाही. या नियमाने माझ्या भावाच्या कार्यालयातली बरीच मंडळी गळली आणि माझ्या जुन्या शाखेतली तर सगळीच. खरा पेच पुढे आला तो व्याह्यांच्या बाजूने. त्यांचे घर गिरगावातल्या चाळीत आहे, आणि चाळीत एका खोलीला बोलावून शेजारच्या खोलीला वगळता येत नाही. "ताई, नाव ओळखीचं असण्याचा प्रश्नच नाही. या सगळ्यांनी त्याला अंगाखांद्यावर खेळवलाय," असे ते म्हणाले, आणि त्यात खोटे काहीच नव्हते. शेवटी तोडगा विहीणबाईंनी काढला. लग्नानंतर घरी सत्यनारायणाची पूजा होणारच होती. ती चाळीच्या अंगणात मांडव घालून संध्याकाळी करायची, सगळ्या खोल्यांना बोलवायचे, तीर्थप्रसादाचा शिरा आणि वर बटाटेवडा व चहा द्यायचा असे ठरले. चाळीतल्या मंडळींना सभागृहातल्या रांगेत उभे राहून दोन मिनिटांची भेट मिळाली असती, इथे तासभर नव्या सुनेशी बोलता आले. खर्च ताटाच्या भावाच्या जवळपासही गेला नाही. कमी पैशांत लग्न करणाऱ्या प्रत्येकाने पूजेकडे या दृष्टीने पाहावे, असे मी आग्रहाने सांगेन.

तारखेचा विचार मुंबईत दोन पंचांगे समोर ठेवून करावा लागतो, एक भिंतीवरचे आणि दुसरे रेल्वेचे. रविवारचे सभागृह महाग असते आणि त्याच रविवारी मध्य रेल्वेचा मेगाब्लॉक सकाळी अकराच्या आसपास सुरू होऊन दुपारपर्यंत चालतो. पश्चिम रेल्वेवर त्याला जम्बो ब्लॉक म्हणतात, एवढाच फरक. कुठल्या मार्गावर किती वाजता, हे जेमतेम एक-दोन दिवस आधी कळते. बारा वाजून काही मिनिटांचा मुहूर्त धरला तर कल्याण-डोंबिवलीची माणसे अक्षता पडून गेल्यावर पोहोचणार, आणि केटररला कबूल केलेल्या ताटांचे पैसे मात्र पूर्ण द्यावे लागणार. आम्ही शनिवार घेतला. राज्य सरकारी कार्यालयांना २०२० पासून पाच दिवसांचा आठवडा असल्यामुळे आमच्याकडच्या बऱ्याच जणांना सुटीच होती, आणि सभागृहाचे भाडे रविवारपेक्षा कमी पडले. तुळशीच्या लग्नानंतर लगेचचे मुहूर्त सोडून पुढचा धरला, कारण चातुर्मास संपल्यावर पहिल्या काही मुहूर्तांवर सगळी मुंबई तुटून पडते आणि दादरच्या फुलबाजारातल्या हारांपासून घोडीवाल्यापर्यंत सगळ्यांचे भाव चढलेले असतात.

सभागृह पाहताना भाड्याचा आकडा सर्वात शेवटी विचारावा. आधी विचारायचे ते असे: वातानुकूलन किती तास, पुढच्या तासाला किती, बाहेरचा केटरर आणि मांडववाला चालतो की त्यांच्याच माणसाकडून घ्यावे लागते, साफसफाई आणि वीज वेगळी आहे का, अनामत कधी परत मिळते, खोल्या आदल्या रात्री मिळतात का. भाडे माफक वाटलेल्या एका ठिकाणी सजावट त्यांच्याच माणसाकडून करण्याची सक्ती होती आणि ती धरल्यावर ते सर्वांत महाग निघाले. उपनगरांतली ज्ञातिसंस्थांची आणि सार्वजनिक मंडळांची जुनी सभागृहे दिसायला साधी असतात, झुंबरे नसतात, पण अर्धा दिवस घेण्याची सोय बऱ्याच ठिकाणी असते. सकाळचे लग्न आणि दुपारचे जेवण एवढाच बेत असेल तर अर्धा दिवस पुरतो. वेगळ्या संध्याकाळच्या स्वागतसमारंभाची गरज मला तेव्हाही पटली नव्हती आणि आजही पटत नाही.

जेवणात पदार्थ कमी आणि चांगले ठेवले: मसालेभात, अळूची भाजी, बटाट्याची भाजी, पुरी, कोथिंबीरवडी, काकडीची कोशिंबीर, मठ्ठा, जिलबी आणि शेवटी साधे वरण-भात. चाट, पास्ता आणि तीन प्रकारची पेये केटररने यादीत घातलीच होती, ती आम्ही काढून टाकली. पंगत मांडली असती तर मला जास्त आवडले असते, पण त्याला जागा आणि वाढपी दोन्ही जास्त लागतात. बुफेमध्ये ताटे मोजण्याचे काम घरच्या एका विश्वासू माणसाकडे द्यावे. कबूल केलेल्या संख्येच्या वर गेलेली ताटे केटरर आपल्या हिशेबाने सांगतो, आणि त्या वेळी आपल्याकडे आपला आकडा असलेला बरा.

मानपानात दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांना साडी आणि धोतरजोडी एवढेच ठेवले. टॉवेल, टोपी आणि खणांची देवघेव पूर्ण बंद केली. या घरातून त्या घरात न शिवता फिरणारे ब्लाउजपीस मी इतकी वर्षे पाहिले आहेत की त्यांतले काही मला नजरेने ओळखू येतात.

कपड्यांवर फार लिहिण्यासारखे नाही. शालू हिंदमाताला घेतला, लग्नविधीची शिवलेली नऊवारी आणि नवऱ्याची शेरवानी भाड्याने आणली. सोन्यासाठी माझ्या आईच्या पाटल्या मोडल्या. इथे एक लक्षात ठेवावे की सोन्याच्या भावाची सगळे चौकशी करतात, पण जुन्या सोन्याची घट किती धरणार आणि नव्याची घडणावळ किती लावणार, हे दोन आकडे दुकानागणिक वेगळे असतात आणि हिशेब त्यांच्यातच फिरतो. नवा दागिना घेताना हॉलमार्कचा सहा अक्षरी-अंकी क्रमांक पाहून घ्यावा. १ एप्रिल २०२३ पासून तो असल्याशिवाय हॉलमार्कचे दागिने विकता येत नाहीत.

नोंदणी पद्धतीने लग्न करावे असा मुलामुलींचा पहिला विचार होता. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली तीस दिवसांची नोटीस, तीन साक्षीदार आणि नगण्य शुल्क एवढ्यात ते होते, आणि पुरोहिताशिवाय, थोडक्या खर्चात लग्ने लावण्याचा पायंडा सत्यशोधक समाजाने पाडला त्याला तर दीडशे वर्षे झाली. मला तो विचार पूर्ण मान्य होता. मात्र नवऱ्याच्या आजीला अंतरपाट आणि मंगलाष्टके हवी होती, आणि तिचे वय पाहून दोघांनी ते मान्य केले.

तसे विधिपूर्वक लग्न केले तरी महापालिकेच्या विभाग कार्यालयात विवाहनोंदणी करावीच लागते, आणि राज्याच्या १९९८ च्या कायद्याप्रमाणे ती नव्वद दिवसांच्या आत करणे सोयीचे. तिथे लग्नपत्रिका जोडावी लागते, म्हणून निमंत्रणे मोबाइलवरून पाठवली तरी थोड्या पत्रिका छापून घ्याव्यात. अर्जावर तीन साक्षीदारांबरोबर लग्न लावणाऱ्या गुरुजींचीही सही लागते. लग्नसराईत गुरुजींना नंतर गाठणे कठीण असते, तेव्हा अर्ज भरून सभागृहातच न्यावा आणि सप्तपदी झाल्यावर, ते दक्षिणा घेऊन पुढच्या लग्नाला निघण्याआधी, त्यांची सही घ्यावी.