तुम्ही विचारलंत म्हणून: खाणाऱ्यांची बाजू का घेता?

लग्नाच्या पंगतीतसुद्धा विचारतात. 'तुम्ही आयुष्यात कुणाचा चहा घेतला नाहीत, मग असल्या लोकांच्या विभागीय चौकशीत बचाव सहाय्यक कशाला होता?' पूर्वी हसून विषय बदलायचो. आता चिडतो.

एक तर बचाव सहाय्यक म्हणून आरोप झालेल्या कर्मचाऱ्याची बाजू मांडायचे मला पैसे मिळत नाहीत. आणि महाराष्ट्र नागरी सेवेच्या 1979 च्या शिस्त व अपील नियमांत अपचाऱ्याला, म्हणजे ज्याच्यावर आरोप आहे त्याला, वकील सहसा मिळतच नाही. खात्याची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी वकील असला, किंवा शिस्तभंग प्राधिकाऱ्याने परवानगी दिली, तरच. एरवी समोर सरकारचा सादरकर्ता, मध्ये बहुतेक वेळा त्याच खात्यातला चौकशी अधिकारी, आणि इकडे निलंबनात निर्वाह भत्त्यावर घर रेटणारा माणूस. फौजदारी कोर्टासारखा संशयातीत पुरावाही इथे लागत नाही, शक्यतेचं पारडं झुकलं की नोकरी गेली. उरते ती उलटतपासणी.

आता ज्यावरून तुम्ही मला टोचता ते प्रकरण. निराधार योजनेचं अनुदान मंजूर करायला कारकुनाने एका म्हातारीकडे पैसे मागितले, हा दोषारोप. पुरावा म्हणजे प्राथमिक चौकशीतला तिचा दोन ओळींचा जबाब, खाली अंगठा. सादरकर्ते म्हणाले, जबाब आहे ना, म्हातारीला कशाला बोलवायचं? मी अडून बसलो. तिला बोलवावं लागलं.

ती एसटीने आली, पदराला पैशाची गाठ, पायात कुणाच्या तरी मोठ्या चपला. मी विचारलं, "मावशी, हा जबाब तुम्हाला वाचून दाखवला होता का?"

"न्हाई."

"पैसे मागणारे हेच का?"

ती बराच वेळ बघत राहिली. "चष्मा व्हता त्याला," म्हणाली. माझ्या माणसाच्या डोळ्यांवर चष्मा नव्हता. त्या टेबलावर तेव्हा दोन कारकून बसायचे, हेही मी तिच्याकडून वदवून घेतलं. फेरतपासणी करायची ती सादरकर्त्यांनी, ते मोबाइलमध्ये. मग रोजनाम्यावर सही करायला आमच्या कारकुनाने खिशातून चाळिशी काढली. म्हातारी दारापर्यंत गेली होती. तिने वळून पाहिलं, माझ्याकडेही पाहिलं. तिची साक्ष संपली होती.

मी बोललो नाही. बोलायला मी तिचा सहाय्यक नव्हतो. चाळिशी काय, कचेरीत निम्म्या लोकांच्या खिशात असते. दोषारोप सिद्ध झाला नाही. त्याने पैसे मागितले होते का? मला माहीत नाही. मी त्याला विचारलंही नाही, विचारायचं टाळलं म्हणा हवं तर.

पण मला सांगा, दोष कुणाचा? तिला समोर बसवून, कोण, कधी, किती हे नीट लिहून घ्यायला किती वेळ लागला असता? ओळख पटवायला दोघा कारकुनांना उभं करायला? ते काम ज्याचं होतं त्याला पंगतीत कुणी काही विचारत नाही.

सुरुवातीला मला वाटायचं, प्रक्रिया चुकली की शिक्षा रद्दच व्हायला हवी. 1990 मध्ये मोहम्मद रमझान खान प्रकरणात सुप्रीम कोर्टाने अपचाऱ्याला चौकशी अहवालाची प्रत द्यायलाच हवी असं म्हटलं, तेव्हा आम्ही पेढे वाटायचे बाकी होतो. 1993 मध्ये करुणाकर प्रकरणात त्याच कोर्टाने पुढे जोडलं, की प्रत न मिळाल्याने काय नुकसान झालं तेही दाखवा. यावर मी वर्षानुवर्षे भांडलो. त्या म्हातारीनंतर तेवढ्या जोरात भांडता येत नाही. आणि भांडणं सोडवतही नाही, कारण एका अंगठ्यावर घरी बसवलेले लोकही मी पाहिलेत.

परवा एक ग्रामसेवक बाड घेऊन आला. दोषारोपपत्राचं जोडपत्र चार उघडलं, साक्षीदारांच्या यादीत तक्रारदाराचंच नाव नाही. प्रकरण घेतलंय मी.