‘सायबॉर्ग्ज’ मराठीत : ड्रिफ्टचा तिढा अखेर सुटला

मंडळी, जुळलं! ‘सायबॉर्ग्ज’ या युक्रेनी युद्धपटाची मराठी सबटायटल फाइल आता पहिल्या संवादापासून श्रेयनामावलीपर्यंत ओठांवर चालते. मागच्या नोंदीत मी हा सिनेमा बाजूला ठेवून ‘स्नायपर : द व्हाइट रेव्हन’कडे वळायच्या बेतात होते. तो बेत आता बदललाय, का ते शेवटी सांगते.

घोळ थोडक्यात असा. ज्या सबटायटल फाइलीच्या वेळा आपण धरल्या ती कुणीतरी सेकंदाला २५ फ्रेमच्या टीव्ही प्रक्षेपणावरून बनवलेली, आणि माझ्याकडची रीतसर विकत घेतलेली प्रत २३.९७६ ची. नुसता एवढाच फरक असता तर काय, तासाला अडीच मिनिटांचा ड्रिफ्ट, म्हणजे ओळी आवाजापासून हळूहळू सरकत जाणं. ‘सबटायटल एडिट’ उघडायचं, फ्रेम रेट बदलायचा आणि चहा टाकायचा. (पैसे मोजून घ्यायच्या संपादकांची जाहिरात दिसली की मला अजूनही हसू येतं. हे फुकटचं अवजार त्यांतल्या बहुतेकांच्या पुढे आहे. ‘एजिसब’ फक्त अक्षरांच्या सजावटीसाठी ठेवा.) पण फ्रेम रेट बदलल्यावर सुरुवातीची मिनिटं सुरेख जायची आणि एकदम सगळ्या ओळी दोन-तीन सेकंद मागे पडायच्या. मग बराच वेळ तेवढ्याच मागे, आणि पुन्हा उडी. ड्रिफ्ट सरळ रेषेत वाढतो, हा पायऱ्यापायऱ्यांनी वाढत होता. म्हणजे मूळ रेकॉर्डिंगमधून जाहिराती कापताना प्रत्येक सांध्यात थोडी शेपटी राहिलेली, नाहीतर थोडं जास्त कापलेलं.

अशा पायऱ्या पकडायला आपोआप जुळवणारी अवजारं आहेतच. ती आवाजाच्या पट्टीवर कुठे माणूस बोलतोय ते खुणावतात, फाइलमध्ये कुठे ओळी आहेत ते बघतात आणि दोन्ही नक्षी एकमेकींवर सरकवून सगळ्यात चांगला मेळ शोधतात. घरगुती सिनेमाला झकास चालतं. हा सिनेमा घडतो त्या, पूर्व युक्रेनमधल्या दोनेत्स्कच्या विमानतळावर नाही चालत. बोलणं ओळखणारा भाग वेगवेगळ्या कंप्रतांच्या (फ्रिक्वेन्सींच्या) पट्ट्यांत किती ऊर्जा आहे एवढंच बघतो, आणि मशीनगनचा लांब बार त्याला गप्पांसारखा वाटतो. त्यामुळे सेर्पेन आणि माझोर या पात्रांचा देश म्हणजे काय, भाषा म्हणजे काय यावरचा सगळा वाद फाइलने उचलून शेजारच्या चकमकीत नेऊन ठेवला. ते बघताना मी पोट धरून हसले, आणि मग रात्रभर चिडचिड.

कंप्रता छाटून बघितल्या. खालचा पट्टा काढला की तोफगोळ्यांची धडधड जाते, पण रायफलचा कडाका जात नाही. तो खालपासून वरपर्यंत सगळ्या पट्ट्यांत पसरलेला असतो. गोंगाट कमी करणारं फिल्टर लावलं तर माणसांचे आवाजही पत्र्याचे झाले. शेवटी डबिंग स्टुडिओत काम करणाऱ्या भाच्याला फोन केला. त्याने जेवता जेवता सांगितलं, “मावशी, ५.१ आहे ना? मग संवाद मधल्या चॅनलला असणार. बाकीचे पाच फेकून दे.”

एवढंच! (५.१ म्हणजे सहा चॅनलचा आवाज.) ‘एफएफएमपेग’ या अवजाराला फक्त मधला चॅनल वेगळा काढायला सांगितलं आणि तो मोनो आवाज जुळवणाऱ्या अवजाराला खायला घातला. सिनेमात स्फोट, गोळ्या, कोसळणारं छत हे बरंचसं डावी-उजवीकडे आणि मागे वाटलेलं असतं, अगदी खोल धमाका सबवूफरच्या चॅनलला. मध्ये उरतात मुख्यतः माणसं. गोळ्या पूर्ण जात नाहीत, पण बोलण्याचा ठसा त्यांच्यावर उठून दिसतो. अवजाराने पायऱ्या स्वतःहून शोधल्या, आणि त्या बरोबर तिथेच निघाल्या जिथे जाहिरातीचा ब्रेक असावा असं मला वाटत होतं. त्या आलेखाचा फोटो काढून भाच्याला पाठवला. त्याने अंगठा पाठवला. आजकालच्या मुलांकडून एवढं कौतुक पुष्कळ झालं.

ज्यांच्याकडे फक्त स्टिरिओ प्रत आहे त्यांना ही युक्ती नाही. दोन्ही चॅनलची बेरीज करून मध्यभाग निघतो म्हणतात, पण त्या बेरजेत गोळ्याही येतातच.

आता जे नवीन आहेत त्यांच्यासाठी दोन शब्द, कारण पोस्टर बघून सगळे कमांडोपट समजतात. २०१७ चा अख्तेम सेइताब्लायेवचा हा सिनेमा बोलण्याचा आहे, आणि म्हणूनच मी त्याच्यामागे लागले. पटकथा नताल्या व्होरोझबित या नाटककार बाईंची. विमानतळ लढवलेल्या लोकांशी बोलून त्यांनी पात्रं उभी केली, आणि तो नाटकाचा हात जाणवतो: दोन हल्ल्यांच्या मधल्या वेळात माणसं भांडतात, टोमणे मारतात, एकमेकांची राजकीय मतं सोलून काढतात. कमांडोंचा, म्हणजे खास दलांचा, भाग सिनेमातल्या काळाच्या आधीचा. मे २०१४ मध्ये विमानतळासाठी पहिली लढाई झाली तेव्हा तिथे किरोवोह्रादच्या (आताचं क्रोपिव्नित्स्की) तिसऱ्या स्पेशल रेजिमेंटचे जवान होते. पुढे पॅराट्रूपर, पायदळ, स्वयंसेवक अशी मिसळ. २०१२ च्या युरो स्पर्धेसाठी बांधलेलं चकचकीत टर्मिनल २४२ दिवसांच्या लढाईत सांगाडा झालं. नियंत्रण मनोरा १३ जानेवारी २०१५ ला पडला आणि त्याच महिन्यात टर्मिनलही गेलं. हे लक्षात ठेवून सिनेमा बघितला की कोण कुठल्या मजल्यावरून ओरडतोय ते कळतं. सबटायटल करणाऱ्याला ते कळलंच पाहिजे, कारण अर्धे संवाद पाठमोरे नाहीतर धुरात आहेत.

ओरडण्यावरून रेडिओ. हा दुसरा काटा, पण लहान. समोर एक जण बोलतोय आणि वॉकीटॉकीवर दुसरा, दोन्ही ओळी खाली एकाखाली एक आल्या की कोण कुणाला म्हणतंय ते समजेना. तिरपी अक्षरं देवनागरीला शोभत नाहीत, बऱ्याच फॉन्टमध्ये तिरपी जोडाक्षरं एकमेकांवर चढतात. म्हणून रेडिओच्या सगळ्या ओळी पडद्याच्या वरच्या कडेला नेल्या. संगणकावर छान दिसतं. पेनड्राइव्हवरून टीव्हीला लावलं तर एका टीव्हीने जागेचा टॅगच जसाच्या तसा छापून दाखवला, महिरपी कंसासकट. तेव्हा फाइली दोन: एक टॅगवाली, एक साधी. साध्या फाइलीत रेडिओच्या ओळीआधी डॅश.

आणि हो, रेडिओच्या ओळी आपोआप जुळणीवर सोडू नका. ध्वनिमिश्रण करणारा रेडिओ कधी मध्ये ठेवतो, कधी बाजूला टाकतो. त्या मी कानाने लावल्या. कान माझे नव्हेत, आपल्या गटातल्या डॉक्टरांचे. युक्रेनमधल्या विनित्सियात एमबीबीएस करताना पेशंटशी बोलण्यापुरती तिथली भाषा शिकलेला आणि २०२२ मध्ये ‘ऑपरेशन गंगा’च्या विमानाने परत आलेला हा आपला गडी. रुग्णालयातली भाषा आणि खंदकातली भाषा यांत किती अंतर आहे ते त्याच्या चेहऱ्यावर दिसायचं. पण जखमी म्हणजे ‘३००’ आणि मृत म्हणजे ‘२००’ हे सैनिकी संकेत त्याला सांगावं लागलं नाही.

सीपीएसच्या (सेकंदाला किती अक्षरं वाचावी लागतात त्या मोजणीच्या) लाल खुणांवर एक मत नोंदवून ठेवते. डीफॉल्ट मोजणीत प्रत्येक मात्रा आणि हलंत वेगळं चिन्ह धरलं जातं. ‘क्षेत्र’ डोळ्याला दोन अक्षरं, सॉफ्टवेअरला सात. त्यामुळे मराठी फाइल उघडली की अर्धी यादी लालेलाल, आणि नवखे लोक घाबरून चांगली वाक्यं कापत सुटतात. मर्यादा वाढवा आणि स्वतः एकदा मोठ्याने वाचून बघा. आपल्या वाचकाला दोन ओळी पुरतात, तिसरी कधीही नको.

आता बदललेला बेत. ‘व्हाइट रेव्हन’ (मारियन बुशान, २०२२) मी एखाद्या नव्या सभासदाला देणार आहे. बायको मारली गेल्यावर एक शांतताप्रेमी शिक्षक नेमबाज होतो ही गोष्ट, बंदुकीमागे बराच वेळ शांतता, संवाद कमी आणि सुटसुटीत. हात बसायला उत्तम. ‘इलोवाइस्क २०१४’ हा सिनेमा मात्र नवख्यांनी घेऊ नये. त्यात त्या लढाईत स्वतः लढलेला तारास कोस्तांचुक, टोपणनाव बिशुत, स्वतःचीच भूमिका करतो, आणि अभिनेत्यासारखं शब्द तोडून बोलायची सवय त्याला कुठून असणार.

त्याऐवजी मी घेणार होते ‘अटलांटिस’. दिग्दर्शक व्हास्यानोविचचे लांब, न हलणारे शॉट म्हणजे टायमिंगला सुट्टीच. पण हे लिहिता लिहिता डोक्यात दुसरंच आलं. म्स्तिस्लाव चेर्नोव्हचा ‘२००० मीटर्स टू अँद्रीव्का’ हा २०२५ चा माहितीपट घ्यावा. बाखमूतजवळच्या गावाकडे झाडांच्या अरुंद पट्ट्यातून जाणारी तुकडी, सैनिकांच्या हेल्मेटवरचे कॅमेरे. तिथे माझा मधला चॅनल निरुपयोगी. हेल्मेटच्या माइकमध्ये श्वास, गोळी, रेडिओ सगळं एकाच नळीतून येतं, मिश्रण करणाऱ्याला वेगळं वाटायला काही उरतच नाही.

मग गोळीबाराशी भांडायचंच कशाला? कर्णबधिरांसाठीच्या फाइलींत चौकटी कंसात ‘[स्फोट]’, ‘[गोळीबार]’ अशा ओळी असतात, त्यांच्या वेळांसकट. स्फोट म्हणजे आवाजाच्या आलेखातला सगळ्यात टोकदार सुळका. ते दोन एकमेकांवर बसवले की बोलणं ऐकू आलं नाही तरी खुंट्या मिळतात. पाऊण सेकंद इकडेतिकडे होईल, पण पायरी पकडायला तेवढं पुरे, बारीक काम नंतर हाताने. ही युक्ती आधी ‘सायबॉर्ग्ज’वरच तपासते, कारण तिथे आता बरोबर उत्तर माझ्या हातात आहे. सुळके शोधणारी छोटी पायथन स्क्रिप्ट कुणी लिहून देत असेल तर कळवा. भाच्याला विचारलं तर तो पुन्हा जेवता जेवताच उत्तर देईल.

‘सायबॉर्ग्ज’च्या दोन्ही फाइली नेहमीच्या ठिकाणी ठेवल्या आहेत. टीव्हीवर लावून बघा आणि जोडाक्षरं तुटली तर टीव्हीचं साल आणि मॉडेल लिहून पाठवा. फाइल यूटीएफ-८ मध्येच (देवनागरी नीट साठवणाऱ्या पद्धतीत) आहे, तेव्हा ती पुन्हा सेव्ह करू नका.