तुमचा नेमका विषय कोणता?

‘पक्ष्यांवर केलीत, मग बुद्धिबळावर, मध्येच अतिदक्षता विभागावर. तुमचा नेमका विषय तरी कोणता?’ डॉक्युमेंटरी संपून दिवे लागले की हा प्रश्न येतोच. विचारणारे सभ्य असतात, म्हणून ‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ एवढं तोंडावर म्हणत नाहीत. तुम्ही विचारलंत म्हणून एकदा नीट सांगते.

पक्ष्यांच्या फिल्मसाठी घरट्यासमोर कापडी आडोसा उभारला होता. मी आत शिरताना दिसले की मादी तासन्‌तास परतायची नाही. मग जुनी युक्ती केली. दोघांनी आत शिरायचं आणि एकाने बाहेर पडून तिच्यादेखत निघून जायचं. पक्षी हिशेबात कच्चा. त्याला वाटतं, आडोसा रिकामा झाला. मी मात्र आत आठ-आठ तास बसून. पायांना मुंग्या, खोकला दाबून धरलेला, आणि कॅमेरा लावलेला असतो त्याच्या नेमकं उलट्या बाजूने ती येणार!

दोन वर्षांनी अतिदक्षता विभागात गेले. माणसांना मोजता येतं, त्यामुळे युक्ती बाद. बसणं मात्र तेच. पहिले आठ दिवस कॅमेरा पिशवीतून काढलाच नाही. नवव्या दिवशी एक सिस्टर ‘अहो, खुर्ची जरा मागे घ्या’ म्हणत घाईने निघून गेल्या, तेव्हा वाटलं, आता सुरू करायला हरकत नाही. त्या फिल्ममधला सगळ्यात चांगला शॉट कोणी पाहिलेला नाही. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, झाल्यावर त्या शॉटमधल्या कुटुंबाने संमती मागे घेतली. मी तो काढून टाकला. चडफडले, खोटं कशाला बोलू?

शूट संपलं की साउंड रेकॉर्डिस्ट सगळ्यांना मिनिटभर गप्प उभं करतो आणि त्या जागेचा नुसता आवाज टिपून घेतो. त्याला रूम टोन म्हणतात. एडिटमध्ये दोन वाक्यांमधली फट त्यानेच बुजवायची असते. बुद्धिबळाच्या हॉलमधला मिनिट आणि व्हेंटिलेटरच्या शेजारचा मिनिट एकमेकांच्या जागी चालत नाही. विषय बदलल्याचं मला खरं तिथे जाणवतं.

योरिस इव्हन्स या डच दिग्दर्शकाचं उदाहरण मला फार आवडतं. 1928 मध्ये त्यांनी रॉटरडॅमच्या रेल्वेपुलावर फिल्म केली, 1929 मध्ये ॲमस्टरडॅमच्या पावसावर. ती बघताना एकच सर आली नि गेली असं वाटतं, पण चित्रण अनेक महिने चाललं होतं. मग बेल्जियममधले खाणकामगार, 1937 मध्ये स्पेनचं यादवी युद्ध. आणि नव्वदीच्या उंबरठ्यावर, 1988 मध्ये, वारा! त्यात ते स्वतःच चीनच्या वाळवंटात खुर्ची टाकून वाऱ्याची वाट बघत बसलेत. ‘तुमचा विषय कोणता’ हे त्यांनाही लोकांनी विचारलंच असणार.

पैशाच्या बाजूने मात्र हा धंदा आतबट्ट्याचा. पक्ष्यांनंतर मला फक्त पक्ष्यांचीच कामं येत होती. रुग्णालयाची फिल्म मांडायला गेले तर समोरच्याने कागद उलटसुलट करून विचारलं, ‘यात प्राणी कुठे आहेत?’ दर वेळी पहिल्यापासून पटवायचं, दर वेळी अडाण्यासारखे प्रश्न विचारायचे. त्यातला दुसरा भाग मला आवडतो, हे कबूल.

सध्या मी लिफ्ट दुरुस्त करणाऱ्यांबरोबर फिरतेय. पाचवा दिवस. कॅमेरा अजून पिशवीतच आहे.