सुराबायाचा लाल पूल आणि मराठा पलटण

इंडोनेशियातील पूर्व जावाच्या सुराबाया शहरात कालीमास नदीवर 'जेम्बातान मेराह', म्हणजे लाल पूल, नावाचा एक लहानसा पूल आहे. लाल कठडे आणि त्यांच्यामधून अखंड वाहणाऱ्या दुचाक्या, एवढेच त्याचे प्रथमदर्शनी रूप. नदीच्या पूर्वेला जुनी चिनी पेठ आहे आणि पश्चिमेला डचांची व्यापारी वस्ती. त्या वस्तीच्या चौकात 'इंटरनॅशियो' या डच व्यापारी कंपनीची भक्कम इमारत आजही उभी आहे. योग्यकर्त्याहून आगगाडीने गुबेंग स्थानकावर उतरल्यावर मी सर्वांत आधी येथे आले, कारण ३० ऑक्टोबर १९४५ च्या संध्याकाळी या इमारतीच्या खिडक्यांमागे बंदुका रोखून बसलेले सैनिक ब्रिटिश भारतीय सैन्यातील मराठा लाइट इन्फन्ट्रीचे होते आणि चौकात त्यांना वेढून उभा राहिलेला जमाव स्वतःच्या देशाच्या स्वातंत्र्यासाठी जमला होता. आपली माणसे येथे कोणाच्या बाजूने उभी होती, हे मला त्या जागेवर जाऊन समजून घ्यायचे होते.

पुलापासून दक्षिणेला गेले की पेनेलेहच्या अरुंद गल्ल्या लागतात. सातव्या गल्लीत 'सारेकत इस्लाम' या संघटनेचे नेते चोक्रोअमिनोतो यांचे घर जतन केलेले आहे. १८३० नंतर डचांनी जावातील शेतकऱ्यांवर ऊस, कॉफी आणि नीळ यांची सक्तीची लागवड लादली होती. पुढे ती पद्धत गेली तरी साखरेचे मळे, कारखाने आणि त्यांचा नफा युरोपीय कंपन्यांकडेच राहिला. या व्यवस्थेत पिचलेल्या सामान्य माणसाला एकत्र आणणारी पहिली मोठी संघटना म्हणजे 'सारेकत इस्लाम'. चोक्रोअमिनोतो यांच्या पत्नी घरात विद्यार्थ्यांची राहण्याजेवणाची सोय करीत, आणि १९१६ मध्ये येथील डच शाळेत शिकायला आलेला किशोरवयीन सुकार्नो, पुढे इंडोनेशियाचा पहिला राष्ट्राध्यक्ष, त्यांतलाच एक. मुस्सो आणि कार्तोसुविर्यो हेही निरनिराळ्या वेळी याच घरात राहून गेले. पुढे एक साम्यवादी उठावाचा नेता झाला, दुसऱ्याने इस्लामी राज्यासाठी शस्त्र उचलले, पहिला सुकार्नोच्या प्रजासत्ताकाशी लढताना मारला गेला, आणि दुसऱ्याला पकडून त्याच प्रजासत्ताकाने देहदंड दिला. एका छपराखालून इतक्या वेगळ्या वाटा फुटाव्यात, याचा विचार करीत मी त्या घराच्या माळ्यावर जाणाऱ्या जिन्याशी बराच वेळ रेंगाळले.

सुकार्नोचे मूळ नाव कुस्नो. लहानपणी तो वारंवार आजारी पडत असे, म्हणून शिक्षक असलेल्या वडिलांनी त्याचे नाव महाभारतातील कर्णावरून ठेवले आणि त्याला 'सु' हा शुभ उपसर्ग जोडला. खाल्ल्या मिठाला जागून जो चुकीच्या बाजूने लढला, त्या कर्णाचे नाव इंडोनेशियाच्या स्वातंत्र्यवीराला मिळाले आणि कर्णासारखी वेळ मात्र इंग्रजांचे मीठ खाणाऱ्या आपल्या पलटणींवर आली, हा विचार त्यानंतर दिवसभर माझ्या मनातून गेला नाही.

१७ ऑगस्ट १९४५ रोजी सुकार्नो आणि मोहम्मद हट्टा यांनी जकार्तात स्वातंत्र्याची घोषणा केली. युद्धकाळात डचांना हटवून देश व्यापणाऱ्या जपानने शरणागती पत्करली होती आणि डच अद्याप परतले नव्हते. सुराबायात त्या घोषणेची पहिली कसोटी लागली ती तुंजुंगान रस्त्यावरच्या हॉटेलासमोर. आज मजापाहित या नावाने चालणारे हे हॉटेल १९१० च्या सुमारास सार्कीस घराण्याने बांधले, तेव्हा ते ओरान्ये होते आणि जपानी अमलात यामातो झाले. १९ सप्टेंबरला काही डचांनी तेथे आपला तांबडा, पांढरा आणि निळा ध्वज चढवला. शहरातील तरुण धावून आले, झटापटीत एका डच पुढाऱ्याचा जीव गेला, आणि काही मुलांनी ध्वजस्तंभावर चढून निळा पट्टा फाडून टाकला. उरलेला तांबडा-पांढरा ध्वज इंडोनेशियाचा होता. संपूर्ण ध्वज जाळून टाकणे सोपे होते. त्यांनी परकीय ध्वजातून आपला ध्वज मोकळा केला, आणि ही गोष्ट मला त्या लढ्यातील कोणत्याही भाषणापेक्षा बोलकी वाटते.

लढाई सुराबायातच का पेटली, याला एक ठोस कारण आहे. ऑक्टोबरच्या आरंभी येथील जपानी नौदलाच्या अधिकाऱ्याने शस्त्रसाठा इंडोनेशियन तरुणांच्या हाती जाऊ दिला होता, त्यामुळे जावातील इतर कोणत्याही शहरापेक्षा येथे रायफली अधिक होत्या. त्यातच २२ ऑक्टोबरला 'नहदलातुल उलमा' या मुस्लिम धर्मपंडितांच्या संघटनेने याच शहरात ठराव करून देशाचे रक्षण हे धर्मकर्तव्य ठरवले. तीनच दिवसांनी, २५ ऑक्टोबरला, ब्रिटिश सैन्याचे ब्रिगेडियर मॅलबी यांच्या हाताखालील ४९ वी भारतीय ब्रिगेड तांजुंग पेराक बंदरात उतरली. जपान्यांना निःशस्त्र करणे आणि छावण्यांतील युद्धकैद्यांना व डच बायकामुलांना सोडवणे हे तिचे घोषित काम होते. मॅलबी यांनी स्थानिक नेत्यांशी बोलून इंडोनेशियन सैन्याची शस्त्रे त्यांच्याकडेच राहू देण्याचे मान्य केले होते. पण २७ तारखेला जकार्ताहून आलेल्या ब्रिटिश विमानाने पत्रके टाकली आणि ४८ तासांत सर्व शस्त्रे खाली ठेवण्याचा हुकूम बजावला. दिलेला शब्द आकाशातून मोडला गेला. २८ ऑक्टोबरला शहर उठले. शहरभर लहान लहान तुकड्यांत विखुरलेल्या भारतीय सैनिकांवर हल्ले झाले, दारूगोळा संपल्यावर काही तुकड्या पार कापल्या गेल्या, आणि छावणीतून सोडवलेल्या बायकामुलांना घेऊन जाणाऱ्या मोटारींवरही गोळीबार झाला. स्वातंत्र्यलढ्याबद्दल कितीही आदर असला तरी ही शेवटची गोष्ट लपवू नये असे मला वाटते.

युद्धविरामासाठी खुद्द सुकार्नो आणि हट्टा यांना विमानाने आणावे लागले. ३० तारखेला समझोता झाला, आणि तो लोकांना समजावण्यासाठी दोन्ही बाजूंची माणसे मोटारींतून फिरत असताना संध्याकाळी इंटरनॅशियोसमोरच्या चौकात पुन्हा गोळीबार सुरू झाला. त्यात मॅलबी आपल्या मोटारीत मारले गेले. पहिली गोळी इमारतीतून सुटली की चौकातून, याविषयीचे मतभेद अजून मिटलेले नाहीत. मी त्या चौकातून इमारतीच्या दारापर्यंत चालत गेले. अंतर इतके थोडे आहे की आतल्या सैनिकाला बाहेरच्या मुलांचे चेहरे दिसत असणार, त्यांच्या हातांतले टोकदार बांबूही दिसत असणार.

त्यानंतर मेजर जनरल मॅनसर्ग पाचवी भारतीय डिव्हिजन घेऊन आले. ९ नोव्हेंबरला त्यांनी बिनशर्त शरणागतीचा निर्वाणीचा इशारा दिला. पूर्व जावाचे इंडोनेशियन गव्हर्नर सुर्यो यांनी त्याच रात्री नभोवाणीवरून तो फेटाळला, आणि १० नोव्हेंबरच्या सकाळी सहा वाजता जहाजांवरून, विमानांतून आणि रणगाड्यांनी शहरावर भडिमार सुरू झाला. गल्लीबोळांतील ही लढाई सुमारे तीन आठवडे चालली आणि तिच्यात हजारो इंडोनेशियन मृत्युमुखी पडले.

लढाईचे स्मारक 'तुगु पहलावान' शहराच्या मध्यभागी आहे. आपला 'पहिलवान' आणि हा 'पहलावान' एकाच फारसी शब्दाची लेकरे असली, तरी येथे त्याचा अर्थ वीर असा होतो. ४१.१५ मीटर उंचीच्या या स्तंभावर दहा पन्हळी आहेत आणि त्याचे अकरा भाग आहेत, म्हणजे दहावी तारीख आणि अकरावा महिना. सुकार्नो यांनी १० नोव्हेंबर १९५२ रोजी त्याचे उद्घाटन केले. संग्रहालय जमिनीखाली आहे. तेथे बुंग तोमो यांचा आवाज ऐकवला जातो. तेव्हा पंचवीस वर्षांचा असलेला हा पत्रकार नभोवाणीवरून रोज शहराला उभे करीत होता. 'बुंग' म्हणजे भाऊ. 'मेर्डेका', म्हणजे स्वातंत्र्य, या त्यांच्या आरोळीचे मूळ संस्कृत 'महर्द्धिक' या शब्दात आहे, हे मला आधीपासून ठाऊक होते, तरी त्या काळोख्या दालनात ती ऐकताना अंगावर काटा आला.

संग्रहालयात विद्यार्थ्यांना घेऊन आलेले एक वयस्क शिक्षक भेटले. त्यांना इंग्रजी येत होते. एका देखाव्यातील सैनिकांकडे बोट करून ते मुलांना "गुरखा" म्हणाले, कारण त्या काळातील सर्वच भारतीय सैनिकांना येथे लोक त्या एका नावाने ओळखतात. "पाक," मी त्यांना येथील आदराच्या संबोधनाने म्हटले, "लाल पुलाजवळच्या इमारतीत गुरखे नव्हते, मराठे होते. माझ्या भाषेतली माणसे होती." ते काही क्षण माझ्याकडे पाहत राहिले. मग मी त्यांना जे ठाऊक होते ते सांगितले: भारतीय सैन्य येथे वापरण्याला नेहरूंनी तेव्हाच जाहीर विरोध केला होता; काही भारतीय सैनिक पलटण सोडून इंडोनेशियन बाजूला मिळाले; लष्कराच्या प्रसिद्धी विभागात काम करणारे कॅप्टन पी. आर. एस. मणी यांनी ही लढाई पाहून नोकरी सोडली आणि मुंबईच्या फ्री प्रेस जर्नलचे वार्ताहर म्हणून ते जावाला परतले. आणि डचांनी १९४८ च्या डिसेंबरात प्रजासत्ताकाची तेव्हाची राजधानी योग्यकर्ता घेतल्यावर, जानेवारी १९४९ मध्ये, इंडोनेशियासाठी नवी दिल्लीत परिषद भरली. अखेर २७ डिसेंबर १९४९ रोजी डचांना सार्वभौमत्व सोपवावे लागले, हे मात्र मी त्यांना सांगण्याची गरज नव्हती.

"त्या सैनिकांना ठाऊक होते का, आम्ही कशासाठी लढत होतो?" शिक्षकांनी विचारले. मी म्हटले, जागोजागी भिंतींवर इंग्रजीत स्वातंत्र्याच्या घोषणा रंगवलेल्या होत्या, आणि ज्यांना त्या वाचता येत नव्हत्या त्यांनीही १९४२ चा आपला देश पाहिला होता. त्यांना ठाऊक असणार, आणि म्हणूनच त्यांच्याविषयी बोलायला मला जड जाते.

त्यांनी एका मुलीकडून वही मागून घेतली आणि तो शब्द लिहून द्यायला सांगितला. मी आधी रोमन लिपीत आणि त्याखाली देवनागरीत 'मराठा' असे लिहिले. मुली त्या अक्षरांवरच्या रेघेवरून बोट फिरवून पाहत होत्या. शिक्षकांनी त्याखाली स्वतःच्या हाताने '३० ऑक्टोबर १९४५, जेम्बातान मेराह' अशी नोंद केली आणि वही मुलीला परत दिली.