जपानच्या सहलीत स्वयंपाकाचा क्लास लावताय? आधी दाशीचं विचारा

सांगली-साताऱ्याकडून जपानला निघणाऱ्यांच्या बॅगेत शेंगदाण्याची चटणी आणि मेतकूट असतंच. असू द्या, चौथ्या दिवशी लागतं. पण सहलीतले तीन तास काढून टोकियो, क्योटो किंवा ओसाकात नवशिक्यांसाठीचा स्वयंपाकाचा क्लास केलात, तर घरी परतल्यावरही उपयोगी पडेल असं काही तरी हाताला लागतं. क्लास मात्र निवडून घ्या. नुसती सुशी वळून फोटो काढायचा क्लास असेल तर भात आधीच शिजवून ठेवलेला असतो आणि खरं शिकण्यासारखं तेवढंच असतं. दाशी, भात, मिसो (आंबवलेल्या सोयाबीनची पेस्ट) सूप आणि तामागोयाकी (अंड्याची गुंडाळी) असं साधं ताट पहिल्यापासून करून घेणारा क्लास शोधा.

दाशी म्हणजे त्यांचं मूळ पाणी. आपल्याकडे चव तेलात सुटते: मोहरी तडतडली, हिंग-हळद पडली की निम्मं काम झालं. त्यांच्या रोजच्या स्वयंपाकात फोडणी नाही. चव पाण्यात उतरवून घ्यायची आणि त्या पाण्यात बाकीचं शिजवायचं. ती उतरवण्यासाठी कोम्बू ही होक्काइदोच्या समुद्रातली वाळवलेली वनस्पती आणि कात्सुओबुशी, म्हणजे शिजवून, धुरावर वाळवून किसलेला बोनिटो मासा. कोम्बूतल्या ज्या चवीला आज उमामी म्हणतात ती ग्लुटामेटची आहे, हे किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली दाखवलं. कात्सुओबुशीतलं इनोसिनेट १९१३ मध्ये सापडलं. दोन्ही एकत्र आले की चव बेरजेपेक्षा बरीच जास्त लागते, म्हणून दाशीत बहुतेक वेळा दोन्ही असतात.

प्रमाण एक लिटर पाण्याला १० ग्रॅम कोम्बू आणि २० ते ३० ग्रॅम कात्सुओबुशी. कोम्बूवर पांढरी भुकटी दिसते. ती बुरशी नाही, मॅनिटॉल आहे, आणि चवीतही तिचा वाटा असतो. आपला हात सवयीने नळाकडे जातो, तो आवरा. ओल्या फडक्याने वरची धूळ हलकेच टिपायची, धुवायचं नाही. कोम्बू गार पाण्यात किमान अर्धा तास, जमलं तर रात्रभर फ्रीजमध्ये भिजवा. मग मंद आचेवर ठेवा आणि भांड्याच्या कडेला बारीक बुडबुडे धरू लागले की काढून घ्या. उकळू दिलंत तर पाणी बुळबुळीत होतं आणि कडवटपणा उतरतो. आता उकळी येऊ द्या, गॅस बंद करा, कात्सुओबुशी टाका, दीड-दोन मिनिटं थांबा आणि कापडातून गाळा. पिळू नका. चहाचा चोथा दाबून शेवटचा थेंब काढायची आपली सवय इथे नडते, दाशी गढूळ आणि मासकट होते. उरलेला चोथा फेकत नाहीत. तो पुन्हा मंद उकळून दुसरी, हलकी दाशी काढतात आणि ती भाज्या शिजवायला वापरतात.

क्लासमध्ये सहसा न सांगितली जाणारी गोष्ट म्हणजे पाणी. जपानचं पाणी बहुतेक ठिकाणी मृदू आहे, क्योटोचं तर प्रसिद्धच. जड पाण्यात कॅल्शियममुळे कोम्बूची चव नीट उतरत नाही. जत-आटपाडीकडच्या बोअरच्या पाण्यात तीच दाशी केली तर फिकी लागेल आणि दोष कोम्बूला जाईल. घरी आरओचं पाणी वापरा. ज्या पाण्यात डाळ लवकर शिजते ते दाशीला चालतं, इतका साधा ठोकताळा पुरतो.

शाकाहाऱ्यांनो, बुकिंगच्या आधी विचारायचं ते इथेच. ‘व्हेजिटेरियन’ म्हटलं की अनेक ठिकाणी ताटातला मासा काढतात, दाशीतला राहतो. मिसो सूप, भाजी, अंड्याची गुंडाळी, बुडवायचा रस्सा, सगळीकडे तो असतो. तयार मिसोच्या काही डब्यांत दाशी आधीच मिसळलेली असते. म्हणून नेमकं लिहून पाठवा: कात्सुओबुशीची दाशी चालणार नाही, फक्त कोम्बू आणि शिताके मशरूम हवं. तोंडी सांगायला दोन वाक्यं पाठ करा. ‘निकु मो साकाना मो ताबेमासेन’, म्हणजे मांसही नाही, मासेही नाही. आणि ‘कात्सुओ-दाशी मो दामे देसु’, म्हणजे ती दाशीही चालत नाही. मिरिनमध्ये, म्हणजे स्वयंपाकातल्या गोड तांदळाच्या दारूत, साधारण १४ टक्के अल्कोहोल असतं, साके या तांदळाच्या दारूतही असतंच; ज्यांना वर्ज्य आहे त्यांनी तेही आधी सांगावं. त्याऐवजी थोडी साखर घालून काम भागतं.

सांगलीत जैन घरं पुष्कळ, त्यांच्यासाठी वेगळं. बौद्ध मठांच्या परंपरेतला शोजिन र्‍योरी स्वयंपाक शिकवणारे क्लास मिळतात. त्यात मांस-मासे नाहीत, कांदा-लसूणही नाही. पण मुळा, गाजर, गोबो (बर्डॉकचं मूळ) अशी कंदमुळं भरपूर असतात आणि शिताके तर मशरूमच. म्हणून ‘शोजिन म्हणजे आपलंच’ असं धरून चालू नका. दाशी काम्प्योची करतात का ते विचारा. काम्प्यो म्हणजे आपल्या दुधी भोपळ्याच्याच जातीतल्या फळाच्या वाळवलेल्या लांब पट्ट्या. सुकं सोयाबीन आणि काम्प्यो भिजवून निघालेल्या पाण्याला मंद गोडसर चव असते. समुद्री वनस्पती चालते की नाही, हे मात्र आपापल्या घरच्या नियमाने ठरवा.

भात. इथे आपल्याला वाटतं की यात काय शिकायचं, आणि इथेच सगळ्यात जास्त चुकतं. त्यांचं माप गो: एक गो म्हणजे १८० मिली, वजनाने साधारण १५० ग्रॅम तांदूळ. त्यांचा कप २०० मिलीचा. आपल्याकडे मिळणारे मापाचे कप २४० किंवा २५० मिलीचे. क्लासची कृती घरी बिघडायचं हे पहिलं कारण. मोठा चमचा १५ मिली आणि लहान ५ मिली, ते तेवढं सारखं आहे. कृतीचा कागद मिळाला की मापं तिथेच ग्रॅममध्ये लिहून घ्या.

पहिलं पाणी घातलं की लगेच ओतून टाकायचं, कारण कोरडा दाणा पहिलंच पाणी सगळ्यात जास्त ओढतो आणि त्यात कोंड्याचा वास असतो. मग तीन-चार पाण्यांत हलक्या हाताने फिरवायचं, चोळून दाणा मोडायचा नाही. उन्हाळ्यात अर्धा तास, थंडीत तासभर भिजवायचं. ३०० ग्रॅम तांदळाला ४०० मिली पाणी, सुशीसाठी करायचा असेल तर ३६०. जड झाकणाच्या भांड्यात मध्यम आचेवर उकळी, मग अगदी मंद १० ते १२ मिनिटं, मग गॅस बंद करून आणखी १० मिनिटं. या शेवटच्या दहा मिनिटांत झाकण उघडायचं नाही. वरचा ओलावा खाली, खालचा वर असं तेव्हाच होतं. उघडलंत की वरचा थर टणक, खालचा लगदा. कुकरच्या तीन शिट्ट्यांत हा भात होत नाही. दाबाखाली दाणा फुटतो आणि मग तो वळतो, पण तोंडात चिकटतो.

घरी जपानी तांदूळ नाही म्हणून अडायचं कारण नाही. इंद्रायणी घ्या. आंबेमोहोराच्या वंशातला हा चिकट दाणा बराच जवळ जातो. नवा असेल तर पाणी तांदळाच्या मापाइतकंच, जुना असेल तर सव्वापट. वास मात्र इंद्रायणीचाच येणार, त्याला इलाज नाही, आणि खरं तर तक्रारही नाही. बासमती किंवा कोलमने सुशी वळायला जाऊ नका, सुटी होते. महाबळेश्वर-पाचगणीला घर असेल तर मंद आच दोन-तीन मिनिटं वाढवा. त्या उंचीवर पाणी ९५ अंशांच्या आसपासच उकळतं.

सुशीचा भात करताना ३०० ग्रॅम तांदळाच्या भाताला ५० मिली राइस व्हिनेगर, २० ग्रॅम साखर, ५ ग्रॅम मीठ. भात गरम असतानाच घालायचं, कारण गार दाणा ते पीत नाही. उलथनं आडवं न फिरवता भात कापल्यासारखं चालवायचं आणि बाजूने वारा घालायचा. नोरीची, म्हणजे समुद्री वनस्पतीच्या वाळवलेल्या पातळ पानाची, खरखरीत बाजू वर, दूरच्या कडेला दोन सेंटिमीटर जागा मोकळी. भात जास्त भरणं ही प्रत्येक नवशिक्याची चूक. आतली काकडी मधोमध न राहता कडेला सरकली तर कारण तेच. कापताना विळीची सवय आडवी येते. विळीवर भाजी फिरते, इथे सुरी. ओल्या फडक्याने पातं पुसून, दाबायच्या ऐवजी ओढून कापा, आणि दर कापाला पुन्हा पुसा. घरी सारण म्हणून काकडी, गाजर, अंडं घ्या. कोकणातून घाट चढून आलेला मासा कच्चा खायचा नाही, एवढं पुरे.

तामागोयाकीला ३ अंडी, ४५ मिली दाशी, साखर आणि सोया सॉस चवीपुरतं. अंडं फेटायचं नाही, चॉपस्टिक भांड्याच्या तळाला टेकवून पांढरा बलक कापत न्यायचा. फेस झाला तर पोळीत भोकं पडतात. तेल कागदाच्या घडीने पुसून लावा. अंड्याचा थेंब टाकताच चुर्र झालं पाहिजे. आवाज नाही आला तर तवा गार आहे आणि थर चिकटणार. वरचं थोडं ओलं असतानाच गुंडाळा, पूर्ण वाळलं की थर एकमेकांना धरत नाहीत. चौकोनी तवा नसेल तर लहान गोल नॉनस्टिकवर करा आणि टोकं कापून टाका. टोकं मुलं संपवतात.

मिसो सूपचं थोडक्यात: दोन वाट्यांना ३२० मिली दाशी, ३० ग्रॅम मिसो. गॅस बंद करून मिसो पळीत विरघळवा, नंतर उकळू नका, सुगंध उडतो. वाकामे ही वाळवलेली समुद्री वनस्पती चिमूटभरच घ्या. भिजून ती दसपट होते आणि सूपची भाजी होते.

तेंपुरा, म्हणजे मैद्याच्या पिठात बुडवून तळलेला त्यांचा भजीसारखा प्रकार, शिकवलाच तर भजीचा हात विसरा. बेसन घोटून हलकं होतं. मैदा घोटला की ग्लुटेन ताणतं आणि कवच चिवट होतं. बर्फाचं पाणी, दहा-पंधरा वेळा चॉपस्टिक फिरवायची, गुठळ्या राहू द्यायच्या.

जाताना नखं कापलेली, अंगठ्या काढलेल्या, अत्तर नको. जेवताना चॉपस्टिक भातात उभी खोचू नका आणि एका चॉपस्टिकवरून दुसऱ्याच्या चॉपस्टिकवर घास देऊ नका. दोन्ही त्यांच्याकडे अंत्यविधीची आठवण करून देतात.

खरेदी टोकियोच्या काप्पाबाशी या भांड्यांच्या बाजारात किंवा क्योटोच्या निशिकी बाजारात. सुरी घेतलीत तर ती चेक-इनच्या बॅगेतच. मिसोही तिथेच, विमानतळावर तो द्रवात मोजतात आणि १०० मिलीवरचा डबा हातातल्या बॅगेतून काढून घेतात. सोया सॉसमध्ये उसुकुची फिकट दिसतो म्हणून जास्त ओतू नका, तो गडद कोइकुचीपेक्षा खारट असतो. आपल्याकडची ‘डार्क सोया’ची बाटली यातल्या कशाचीच जागा घेत नाही.

नोरीचं पाकीट मात्र पावसाळ्याच्या आधी संपवा. जूननंतर उघडं पाकीट दोन दिवसांत सादळतं. सादळलंच तर पान मंद गॅसवर पापड भाजतो तसं, पण दोन बोटं उंच धरून, एका बाजूने तीन-चार सेकंद फिरवा. काळ्याचं हिरवं होऊ लागलं की थांबा.