आजी आणि अंतुलेसाहेब
आजी अंतुल्यांविरुद्ध एक शब्द ऐकून घ्यायची नाही. संजय गांधी निराधार योजनेचे पैसे तिला मिळायचे, आणि ती योजना त्यांनीच १९८० साली मुख्यमंत्री असताना आणलेली. आमच्या कुलाबा जिल्ह्याचं रायगड झालं तेही त्यांच्याच काळात.

पण सिमेंटचं काय? टंचाईच्या दिवसांत बिल्डरांना सिमेंट द्यायचं आणि त्या बदल्यात अंतुल्यांनी स्थापन केलेल्या ट्रस्टला देणग्या घ्यायच्या, हा आरोप. जानेवारी १९८२ मध्ये उच्च न्यायालयात न्यायमूर्ती लेंटिन यांनी हा संबंध मान्य केला आणि खुर्ची गेली. खटला मात्र पुढे वर्षानुवर्षं रेंगाळला. मला ते अजून खुपतं.

त्याच टंचाईत आमच्या पडवीची भिंत अर्धी राहिली होती. आजीला मी हे कधी बोलून दाखवलं नाही.