घड्याळाचा ठोका

आज लंबकाच्या घड्याळावर काम केलं. चालू घड्याळ मधेच थांबलं की लोक तेल घालतात. त्याआधी कान लावा. ‘टिक’ आणि ‘टॉक’मधलं अंतर समान नसेल तर घड्याळ भिंतीवर तिरकं आहे. खालचं टोक किंचित सरकवून ठोका जुळवा.

मग वेळ. लंबकाखालचा नट वर चढवला की घड्याळ पुढे जातं, उतरवला की मागे. सेकंदाला एक ठोका देणारा लंबक सुमारे ९९.४ सेंमी असतो. तो १ मिमी वाढला तर दिवसाला ४३ सेकंदांची पिछाडी! म्हणून अर्धा फेराच द्या, आणि २४ तास धीर धरा.

विचारांचं मला लंबकासारखंच वाटतं. टोकाला लंबक क्षणभर स्थिर दिसतो, पण परत खेचणारा जोर तिथेच सर्वाधिक असतो. आणि चांगल्या घड्याळात लंबकाला चालू ठेवणारा, दातेरी चक्राचा धक्का मध्याजवळ मिळतो, कारण तिथे लय सर्वांत कमी बिघडते.